सायकल अपघाताचा संकेतांक : केसपेपरवरील एका ओळीचे मोल

प्रतिनिधी

सायकलवरून पडलेल्या किंवा वाहनाची धडक बसलेल्या व्यक्तीला रुग्णालयात नेले, की अपघात विभागातील डॉक्टर प्रथम जखमांची पाहणी करतात. केसपेपरवर जखमांचे वर्णन होते, उपचार सुरू होतात आणि अपघात कसा झाला याविषयी एखादी ओळ लिहिली जाते. अनेकदा ही ओळ 'आरटीए', म्हणजे 'रोड ट्रॅफिक अॅक्सिडेंट', एवढ्यावरच संपते. उपचारांच्या दृष्टीने त्यात काही बिघडत नाही. मात्र पुढे याच ओळीच्या आधारे त्या अपघाताला आंतरराष्ट्रीय संकेतांक दिला जातो. जखमी व्यक्ती आकडेवारीत सायकलस्वार म्हणून मोजली जाणार, पादचारी म्हणून मोजली जाणार, की 'अनिर्दिष्ट' या सदरात जमा होणार, याचा निर्णय त्या ओळीवर अवलंबून असतो. हे संकेतांक काय असतात, ते कसे ठरतात आणि सामान्य नागरिकाचा त्यांच्याशी संबंध कोठे येतो, याची ही माहिती.

आयसीडी म्हणजे काय?

जगभरातील रुग्णालये आणि आरोग्य खाती आजार, जखमा व मृत्यूची कारणे नोंदविण्यासाठी 'आयसीडी' या नावाने ओळखले जाणारे आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरण वापरतात. प्रत्येक आजाराला अक्षर आणि अंक यांनी बनलेला एक संकेतांक देणे, हे त्याचे मूलतत्त्व. भाषा कोणतीही असो, संकेतांक एकच असल्याने पुण्यातील नोंद पॅरिसमधील नोंदीशी ताडून पाहता येते.

या वर्गीकरणाची मुळे एकोणिसाव्या शतकात आहेत. फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जॅक बर्टिलाँ यांनी १८९३ मध्ये मृत्यूच्या कारणांची वर्गवारी मांडली. १९४८ मध्ये सहाव्या आवृत्तीपासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले आणि मृत्यूबरोबर आजारांचाही त्यात समावेश झाला. दहावी आवृत्ती जागतिक आरोग्य परिषदेने मे १९९० मध्ये स्वीकारली आणि १९९४ पासून सदस्य देशांनी ती वापरण्यास प्रारंभ केला. अकरावी आवृत्ती २०१९ मध्ये संमत होऊन १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली असली, तरी जुन्या नोंदी आणि विम्याचे अर्ज दहाव्या आवृत्तीच्या भाषेत आहेत. म्हणूनच या लेखातील संकेतांक दहाव्या आवृत्तीतील आहेत.

एका अपघाताला दोन संकेतांक

आजार आणि अपघात यांच्या नोंदीत एक महत्त्वाचा फरक आहे. न्यूमोनियाच्या रुग्णाला एक संकेतांक पुरतो. अपघातात मात्र दोन प्रश्नांची उत्तरे द्यावी लागतात. शरीराला काय झाले, हा पहिला प्रश्न. आणि ते कशामुळे झाले, हा दुसरा.

पहिल्या प्रश्नासाठी 'एस' आणि 'टी' या अक्षरांनी सुरू होणारे संकेतांक आहेत. मेंदूला बसलेला हादरा 'एस ०६.०', हासळीच्या हाडाचा, म्हणजे कॉलरबोनचा अस्थिभंग 'एस ४२.०', मनगटाजवळ हाताचे हाड मोडणे 'एस ५२.५' अशी ही रचना आहे. दुसऱ्या प्रश्नासाठी बाह्य कारणांचे स्वतंत्र प्रकरण आहे. त्यातील वाहतूक अपघातांचे सर्व संकेतांक 'व्ही' या अक्षराने सुरू होतात.

रुग्ण जिवंत असताना जखमेचा संकेतांक मुख्य मानला जातो आणि कारणाचा संकेतांक जोडीला येतो. मृत्यू झाल्यास हा क्रम उलटतो. मृत्यूचे मूळ कारण म्हणून 'व्ही' संकेतांकाची निवड होते. कारण अपघात टळला असता तर मृत्यू टळला असता, हा त्यामागचा विचार आहे.

सायकलस्वारांसाठी दहा गट

'व्ही १०' ते 'व्ही १९' हे दहा गट सायकलस्वारांसाठी राखून ठेवले आहेत. धडक कोणाशी झाली, त्यानुसार ही विभागणी होते :

व्ही १० – पादचारी किंवा प्राण्याशी धडक
व्ही ११ – दुसऱ्या सायकलशी धडक
व्ही १२ – दुचाकी किंवा तीनचाकी मोटार वाहनाशी धडक
व्ही १३ – मोटार, पिकअप किंवा व्हॅनशी धडक
व्ही १४ – मालट्रकसारखे अवजड वाहन किंवा बसशी धडक
व्ही १५ – रेल्वेगाडीशी धडक
व्ही १६ – मोटार नसलेल्या अन्य वाहनाशी धडक, उदाहरणार्थ बैलगाडी
व्ही १७ – खांब, भिंत यांसारख्या स्थिर वस्तूवर आदळणे
व्ही १८ – धडकेविना झालेला अपघात, उदाहरणार्थ सायकल घसरून पडणे
व्ही १९ – अन्य किंवा अनिर्दिष्ट वाहतूक अपघात

यापैकी 'व्ही १०' ते 'व्ही १८' या गटांत दशांशचिन्हानंतरचा अंक आणखी माहिती देतो. शून्य, एक आणि दोन हे अंक सार्वजनिक रस्त्याबाहेरील अपघातांसाठी असून ते अनुक्रमे सायकल चालविणारा, मागे बसलेला आणि अनिर्दिष्ट व्यक्ती दर्शवितात. तीन हा अंक सायकलवर चढता-उतरताना झालेल्या इजेसाठी आहे. चार म्हणजे सार्वजनिक रस्त्यावर सायकल चालविणारा, पाच म्हणजे त्याच्यामागे बसलेला आणि नऊ म्हणजे रस्त्यावरील, पण चालक की सहप्रवासी हे स्पष्ट नसलेला सायकलस्वार.

यावरून 'व्ही १२.५' हा संकेतांक सहज वाचता येतो. सार्वजनिक रस्त्यावर सायकलला स्कूटर, मोटारसायकल किंवा रिक्षाची धडक बसली आणि डबलसीट बसलेली व्यक्ती जखमी झाली, असा त्याचा अर्थ. गृहनिर्माण सोसायटीच्या आवारात सायकल चालविणारा मुलगा घसरून पडला, तर त्याची नोंद 'व्ही १८.०' अशी होईल. अपघाताचे ठिकाण मुळीच नमूद नसेल, तर तो सार्वजनिक रस्त्यावर झाला असे गृहीत धरले जाते.

सायकलस्वार नेमका कोण?

व्याख्येनुसार केवळ पायडलच्या बळावर चालणारे वाहन म्हणजे सायकल. तीनचाकी सायकलही त्यात येते. तिच्यावर बसलेली प्रत्येक व्यक्ती सायकलस्वार ठरते. कॅरिअरवर बसलेले शाळकरी मूल, दांडीवर बसलेले बालक, हे सर्व त्यात मोडतात. मात्र तीच सायकल हातात धरून चालत जाणारा माणूस पादचारी मानला जातो. दूध किंवा भाजी सायकलला लावून ती ढकलत नेणाऱ्या विक्रेत्याला धडक बसली, तर तो त्या क्षणी सायकलवर बसलेला होता की पायी चालत होता, यावर गट बदलतो.

विजेवर चालणाऱ्या सायकलींनी या व्याख्येपुढे नवा पेच उभा केला आहे. दहाव्या आवृत्तीत मोटार बसविलेली सायकल 'व्ही २०' ते 'व्ही २९' या मोटारसायकलस्वारांच्या गटांत मोडते. अमेरिकेने आपल्या आवृत्तीत १ ऑक्टोबर २०२२ पासून ई-बाइकसाठी वेगळे संकेतांक आणले. तेही याच गटांत आहेत. भारतातील कायदा मात्र निराळी भूमिका घेतो. केंद्रीय मोटार वाहन नियमांनुसार २५० वॉटपेक्षा कमी शक्तीचे आणि ताशी २५ किलोमीटरपेक्षा कमी वेगाचे विद्युत वाहन ठरावीक अटींवर मोटार वाहन समजले जात नाही. त्यामुळे परिवहन कार्यालयाच्या लेखी जी सायकल आहे, ती रुग्णालयाच्या संकेतांकात मोटारसायकल ठरू शकते. सायकल साधी होती की विजेवरची, हे केसपेपरवर येणे त्यामुळे आवश्यक आहे.

सायकलस्वार पादचारी कसा ठरतो?

वर्गीकरणाचा एक नियम सायकलस्वारांच्या दृष्टीने फार मोलाचा आहे. जखमी व्यक्ती वाहनावर किंवा वाहनात होती, असा उल्लेख नोंदीत नसेल आणि तिला वाहनाने 'उडविले', 'चिरडले', 'फरफटत नेले' किंवा 'धडक दिली' एवढेच लिहिलेले असेल, तर ती व्यक्ती पादचारी समजावी, असा हा नियम आहे. संकेतांक देणारा कर्मचारी अपघातस्थळी नसतो. त्याच्यासमोर फक्त कागद असतो आणि कागदावर नसलेली सायकल तो गृहीत धरू शकत नाही.

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. रस्त्याच्या कडेने सायकलवरून कामावर निघालेल्या इसमाला मागून मालट्रकची धडक बसली. मेंदूच्या आवरणाखाली रक्तस्राव झाला आणि तिसऱ्या दिवशी त्याचे निधन झाले. केसपेपरवर 'सायकल चालवीत असताना मालट्रकची धडक' असे लिहिले असेल, तर कारणाचा संकेतांक 'व्ही १४.४' येईल. 'मालट्रकची धडक' एवढेच लिहिले असेल, तर तोच मृत्यू 'व्ही ०४.१', म्हणजे पादचाऱ्याचा मृत्यू म्हणून नोंदला जाईल. आणि 'आरटीए' असे लिहून विषय संपविला असेल, तर संकेतांक होईल 'व्ही ८९.२'. अनिर्दिष्ट मोटार वाहन अपघात, असा त्याचा अर्थ. जखम तीच, अपघातही तोच. परंतु तीन वेगळ्या ओळींमुळे तो तीन वेगळ्या रकान्यांत जातो आणि त्यांपैकी एकाच रकान्यात सायकल असते.

नवव्या आवृत्तीपर्यंत मोटारीची धडक बसलेला सायकलस्वार मोटार अपघातांच्या 'ई ८१०' ते 'ई ८१९' या गटांत टाकला जात असे आणि तो सायकलस्वार होता, हे केवळ चौथ्या अंकावरून कळत असे. सायकलींचा म्हणून जो स्वतंत्र 'ई ८२६' गट होता, त्यात मोटार वाहनाचा संबंध नसलेलेच अपघात येत. दहाव्या आवृत्तीने जखमी व्यक्तीला केंद्रस्थानी आणून सायकलस्वारांना स्वतःचे दहा गट दिले. या सुधारणेचा लाभ मिळण्यासाठी मूळ नोंद पूर्ण असणे ही पूर्वअट आहे.

खड्डा संकेतांकात दिसत नाही

खड्ड्यात चाक अडकून सायकलस्वार पडला आणि अन्य वाहनाचा संबंध आला नाही, तर तो 'व्ही १८' गटातील, म्हणजे धडकेविना झालेला अपघात. मात्र खड्ड्यामुळे तोल गेला आणि त्यानंतर बसची धडक बसली, तर नियमानुसार तो धडकेचा अपघात ठरून 'व्ही १४' गटात जातो. दोन्ही प्रसंगांत 'खड्डा' हा शब्द संकेतांकात येत नाही. रस्त्याच्या अवस्थेसाठी या गटांत जागाच ठेवलेली नाही. म्हणून खड्डा, सांडलेले ऑइल, उघडे चेंबर किंवा अचानक उघडलेला मोटारीचा दरवाजा ही कारणे केसपेपरच्या आणि पोलीस पंचनाम्याच्या मजकुरात शब्दांत लिहिली गेली, तरच टिकतात.

जखमांची नोंद

सायकल अपघातातील काही जखमा ठरावीक प्रकारच्या असतात. पडताना माणूस हात पुढे टेकतो, त्यामुळे मनगटाजवळचा अस्थिभंग, मनगटातील लहान हाडाचा अस्थिभंग (एस ६२.०) आणि हासळीचे हाड मोडणे हे प्रकार आढळतात. तोंडावर पडल्यास दात तुटण्यासाठी 'एस ०२.५' आहे.

लहान मुलांच्या बाबतीत दोन जखमांकडे विशेष लक्ष द्यावे लागते. पडताना हँडलचे टोक पोटात घुसले, तर त्वचेवर केवळ छोटा व्रण दिसतो, पण आत प्लीहा (एस ३६.०), यकृत (एस ३६.१) किंवा स्वादुपिंडाला (एस ३६.२) मार लागलेला असू शकतो आणि त्याची लक्षणे काही तासांनी प्रकट होतात. 'हँडल पोटात लागले' हे डॉक्टरांना सांगणे केवळ नोंदीसाठी नव्हे, तर निदानासाठीही महत्त्वाचे आहे. दुसरी जखम कॅरिअरवर बसलेल्या मुलाचा पाय मागच्या चाकाच्या तारांत अडकण्याची. घोटा व पावलाच्या जखमा 'एस ९०' ते 'एस ९९' या गटांत येतात, तर सायकलच्या भागात अवयव अडकण्याचे कारण 'व्ही १९.८' या संकेतांकाने दर्शविले जाते.

अनेक जखमा असतील, तर प्रत्येकीची नोंद करून सर्वांत गंभीर जखम मुख्य मानावी, अशी अपेक्षा असते. 'अनेक ठिकाणी मार' एवढेच लिहिल्यास 'टी ०७' हा मोघम संकेतांक पदरी पडतो आणि त्यातून कोणत्या अवयवाला किती इजा झाली, याचा काहीही बोध होत नाही.

मृत्यूचे प्रमाणपत्र

जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ नुसार रुग्णालयातील मृत्यूचे वैद्यकीय कारण 'नमुना ४' मध्ये आणि रुग्णालयाबाहेरील मृत्यूचे कारण 'नमुना ४अ' मध्ये दिले जाते. 'नमुना ४' मधील पहिल्या भागात तत्कालीन कारणापासून मूळ कारणापर्यंतची साखळी लिहावयाची असते. मृत्यूचे स्वरूप नैसर्गिक, अपघाती, आत्महत्या, मनुष्यवध की चौकशीअधीन, हेही नमूद करावे लागते आणि इजा कशी झाली, यासाठी स्वतंत्र जागा आहे. सायकलस्वाराच्या नोंदीची खरी जागा हीच. 'हृदयक्रिया बंद पडणे' हे मृत्यूचे मूळ कारण होऊ शकत नाही.

१ ऑक्टोबर २०२३ पासून अमलात आलेल्या दुरुस्तीनुसार रुग्णालयाने हे प्रमाणपत्र निबंधकाकडे पाठवून त्याची प्रत जवळच्या नातेवाइकालाही द्यावयाची आहे. अपघाती मृत्यूत पोलीस पंचनामा आणि शवविच्छेदन यांनंतर कारण निश्चित होत असल्याने या कागदांतील मजकूर परस्परांशी जुळतो की नाही, हे पाहणे कुटुंबाच्या हिताचे असते. नुकसानभरपाईच्या दाव्यात हीच कागदपत्रे समोर येतात.

विम्याच्या अर्जातील रकाने

आरोग्य विम्याच्या प्रमाणित दावा अर्जाचा 'ब' भाग रुग्णालयाने भरावयाचा असतो. त्यात आयसीडी-१० नुसार मुख्य निदान, अतिरिक्त निदान आणि सहव्याधी यांचे संकेतांक मागितले जातात. इजा असल्यास तिचे कारण, ते वैद्यकीय-न्यायिक प्रकरण आहे काय, पोलिसांना कळविले होते काय, हे प्रश्नही त्यात असतात. सायकल घसरून झालेल्या अस्थिभंगाची नोंद चुकून मोटार अपघात म्हणून झाली, तर विमा कंपनी पोलीस अहवाल मागू शकते आणि तो अस्तित्वातच नसल्याने दावा रेंगाळू शकतो. अर्ज सादर होण्यापूर्वी त्याची प्रत मागून घेऊन कारणाचा रकाना वाचणे, हा यावरचा साधा उपाय होय.

अमेरिकेचे संकेतांक, भारतातील कोडर

अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून 'आयसीडी-१०-सीएम' ही स्वतःची विस्तारित आवृत्ती स्वीकारली. तिच्यात सुमारे ७० हजार संकेतांक आहेत. तेथे डाव्या-उजव्या बाजूचीही नोंद होते. उजव्या हासळीच्या हाडाचा सरकलेला अस्थिभंग, पहिल्या उपचारांसाठी, हा 'एस ४२.०२१ए' असतो. मोटारीची धडक बसलेल्या सायकलचालकाचा संकेतांक 'व्ही १३.४एक्सएक्सए' होतो. शेवटच्या स्थानावरील अक्षर सक्रिय उपचार, पुढील तपासणी की कायमचे परिणाम, हे सांगते. अपघात सायकल मार्गावर झाला, हे दाखविण्यासाठीही 'वाय ९२.४८२' हा संकेतांक आहे. तरीही बाह्य कारणांचे संकेतांक तेथे देशपातळीवर सक्तीचे नाहीत. राज्याचे नियम किंवा विमा कंपनीची अट असल्यासच ते द्यावे लागतात.

अमेरिकी रुग्णालयांचे हे काम भारतातही होते. चेन्नई, हैदराबाद, पुणे आणि नवी मुंबई येथे मेडिकल कोडिंग हे हजारो पदवीधरांच्या रोजगाराचे साधन बनले आहे. दूरच्या शहरातील सायकलस्वार कोणत्या मार्गावर पडला, याची नोंद येथे बसून केली जाते. आपल्या शहरातील सायकलस्वाराच्या नोंदीबाबत तेवढी काटेकोर पद्धत रूढ होणे मात्र बाकी आहे.

आकडे कशासाठी?

केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालानुसार २०२२ मध्ये देशात रस्ते अपघातांत १ लाख ६८ हजार ४९१ जणांचा मृत्यू झाला. त्यांत पादचारी ३२ हजार ८२५ होते, तर सायकलस्वारांचा वाटा तीन टक्क्यांहून किंचित कमी होता. ही आकडेवारी पोलिसांच्या नोंदींवर आधारलेली आहे. स्वतःहून घसरून पडलेले, किरकोळ धडकेनंतर आपसांत मिटवून थेट दवाखान्यात गेलेले सायकलस्वार पोलिसांपर्यंत सहसा पोहोचत नाहीत. त्यांची मोजदाद होण्याचे एकमेव ठिकाण म्हणजे रुग्णालयाची नोंद.

एकेकाळी सायकलींचे शहर म्हणून ओळखल्या जाणाऱ्या पुण्यात महापालिकेने २०१७ मध्ये सायकल आराखडा मंजूर केला. असा मार्ग कोणत्या रस्त्यावर आधी हवा आणि अवजड वाहने कोठे रोखावीत, हे ठरविताना 'व्ही १४' गटातील अपघात किती, हा प्रश्न निर्णायक ठरू शकतो. त्याचे उत्तर 'व्ही ८९.२' मध्ये दडून राहिले, तर सायकल मार्गांची गरजच नाही, असा युक्तिवाद करणे सोपे जाते. देशातील सहा राज्यांत, महाराष्ट्रासह, २०२१ मध्ये सुरू झालेल्या एकात्मिक रस्ते अपघात माहिती प्रणालीत पोलिसांच्या नोंदीला आरोग्य खात्याची नोंद जोडण्याची सोय आहे. तिची उपयुक्तताही अखेर मूळ ओळ किती पूर्ण आहे, यावरच ठरणार आहे.

रुग्णालयात काय सांगावे?

संकेतांक देणे हे रुग्णाचे किंवा नातेवाइकांचे काम नव्हे; पण त्यासाठी लागणारी माहिती त्यांच्याजवळच असते. जखमीला घेऊन जाणाऱ्याने पुढील पाच गोष्टी स्पष्टपणे सांगाव्यात आणि त्या केसपेपरवर लिहिल्या गेल्याची खात्री करावी :

१. जखमी व्यक्ती सायकलवर होती. सायकल साधी होती की विजेवरची.
२. ती स्वतः सायकल चालवीत होती, मागे बसली होती, की चढत-उतरत होती.
३. धडक कोणाशी झाली. वाहन असल्यास त्याचा प्रकार. धडक नसल्यास 'घसरून पडली' असा उल्लेख.
४. अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला की आवारात, मैदानात, रस्त्याचे नाव.
५. खड्डा, अंधार, उघडे चेंबर यांसारखे कारण असल्यास ते.

रुग्णालयातून घरी सोडताना मिळणाऱ्या डिस्चार्ज कार्डवरही हीच माहिती उतरली आहे का, हे पाहावे. 'आरटीए' या तीन अक्षरांच्या जागी 'सायकल चालवीत असताना रस्त्यावर बसची धडक' असे लिहिण्यास डॉक्टरांना काही सेकंद अधिक लागतात. पुढील उपचार, विमा, न्यायालय आणि शहराचे नियोजन या चारही ठिकाणी ती ओळ त्या सायकलस्वाराच्या बाजूने साक्ष देते.